दिवसाला सहा शिलिंग

२५ एप्रिलला ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंडमध्ये 'अँझॅक डे' असतो. आमची मावसबहीण बरीच वर्षं मेलबर्नला आहे. यंदा ती पहाटे चारला उठून, थंडीत कुडकुडत, तिथल्या श्राइनवरच्या कार्यक्रमाला जाऊन आली आणि मग फोनवर तासभर त्याबद्दलच बोलत होती. एवढी गर्दी, पण आवाज नाही, बिगुल वाजला तेव्हा शेजारचे आजोबा रडत होते, वगैरे वगैरे. तिचं सगळं ऐकून झाल्यावर मी विचारलं, "ही पोरं गॅलिपोलीला उतरली १९१५ च्या एप्रिलमध्ये. त्याआधीचे साडेचार महिने कुठे होती, हे सांगतात का तिथे?" ती म्हणाली, "इजिप्तमध्ये की. पिरॅमिडवरचा फोटो आहे ना!"

आहे. जानेवारी १९१५ मधला तो फोटो प्रसिद्धच आहे. अकराव्या बटालियनचे सातशेच्या वर जवान खुफूच्या पिरॅमिडच्या दगडांवर ओळीनं बसलेत, शाळेच्या गॅदरिंगला बसवतात तसे. आज मला त्या फोटोच्या चौकटीबाहेर, ट्रामनं पाऊण-एक तासावर जे शहर होतं, त्याबद्दल लिहायचं आहे. विषय जरा अडचणीचा आहे. घरातली वडीलधारी मंडळी हा ब्लॉग वाचतात हे मला ठाऊक आहे (मामा, तुम्ही प्रिंट काढून वाचता हेही). तरी लिहितो, कारण या विषयावर एकतर चावट विनोद तरी होतात नाहीतर कोणी बोलतच नाही, आणि दोन्हींत पोरं हरवून जातात.

तर ही पोरं कैरोला पोचली कशी? खरं म्हणजे त्यांना जायचं होतं इंग्लंडला. १ नोव्हेंबर १९१४ ला पश्चिम ऑस्ट्रेलियातल्या अल्बनी बंदरातून जहाजांचा मोठा काफिला निघाला. वाटेत ९ नोव्हेंबरला त्यांच्याच 'सिडनी' या युद्धनौकेनं जर्मन 'एम्डेन'चा निकाल लावला. हो, तीच एम्डेन, जिनं सप्टेंबरमध्ये मद्रासवर तोफा डागल्या होत्या आणि जिच्या नावानं पुढे दक्षिणेत धटिंगण माणसाला हाका मारायची पद्धत पडली. इकडे तुर्कस्तान युद्धात उतरला, सुएझ कालव्याची काळजी लागली आणि इंग्लंडमधल्या छावण्यांची बांधकामंही अर्धवट होती. म्हणून डिसेंबरच्या सुरुवातीला या सगळ्यांना अलेक्झांड्रियाला उतरवून घेतलं. ऑस्ट्रेलियाच्या पहिल्या डिव्हिजनचा तळ पडला मेनाला, थेट पिरॅमिडच्या पायथ्याशी. न्यूझीलंडवाले कैरोच्या दुसऱ्या बाजूला, झैतूनला. दिवसभर वाळूत पाठीवर ओझं घेऊन कवायत. संध्याकाळी मोकळे. आणि मेनापासून कैरोपर्यंत ट्राम होती.

आता पैशाचं सांगतो, कारण या गोष्टीतलं अर्धं दुखणं तिथेच आहे. ऑस्ट्रेलियन शिपायाचा पगार दिवसाला सहा शिलिंग. मायदेशातल्या कामगाराच्या कमाईच्या आसपास राहावा असा हिशेब करून तो ठरवलेला. त्यातला एक शिलिंग युद्ध संपल्यावर मिळायचा, म्हणजे हातात पाच. न्यूझीलंडच्या शिपायाला पाच. आणि ब्रिटनच्या टॉमीला? एक! याच कारणानं या लोकांना 'सहा शिलिंगवाले टुरिस्ट' असं नाव पडलं होतं. आपल्या चलनात सांगायचं तर त्या वेळी रुपया म्हणजे एक शिलिंग चार पेन्स. म्हणजे ऑस्ट्रेलियन पोराच्या हातात रोजचे पावणेचार रुपये. आपल्या हिंदी शिपायाचा पगार होता महिन्याला अकरा रुपये. जे आपल्या शिपायाला महिनाभर राबून मिळायचं ते या पोरांना तीन दिवसांत मिळत होतं, आणि खर्चायला जागा एकच, कैरो.

पोरं म्हणजे कोण? सगळे स्वयंसेवक. मेंढपाळ, खाणकामगार, बँकेतले कारकून, दुकानांत काउंटरवर उभे राहणारे. वय एकोणीस, वीस, बावीस, आणि काही वय चोरून आलेले. बहुतेकांनी याआधी देश सोडला नव्हता, काहींनी तर आपला जिल्हासुद्धा. घरी रविवारी चर्च, आई, बहिणी, सगळं गाव ओळखीचं. इथे कोणी ओळखत नाही, भाषा कळत नाही, वर्दी अंगावर आहे, खिशात पैसे आहेत आणि दोन-तीन महिन्यांत आपण मरणार असण्याची शक्यता बरीच आहे. या शेवटच्या गोष्टीचा विचार मी बराच केला. मरणाच्या आधी सगळं एकदा पाहून घ्यावं असं विसाव्या वर्षी वाटणं फार समजण्यासारखं आहे. तसं वाटूनही न जाणारे पुष्कळ होते, हेही तितकंच खरं. तंबूत बसून पत्रं लिहिणारे, म्युझियम बघायला जाणारे, वायएमसीएच्या तंबूत चहा पिणारे. त्यांच्याबद्दल लिहिलं जात नाही, कारण त्यांच्याबद्दल तक्रार आली नाही.

कैरोत एझबेकियाच्या बागेजवळ, साहेब लोकांच्या शेफर्ड्स हॉटेलपासून चालत जाण्याच्या अंतरावर, दोन भाग होते. एक 'वग्ह अल-बिरका', म्हणजे तळ्याकाठची बाजू (तिथे पूर्वी खरोखर तळं होतं), तिथे युरोपियन बायका. दुसरा त्याच्या मागचा 'वासा', गल्लीबोळांचा, तिथे इजिप्शियन, नुबियन, सुदानी बायका, गरीब, स्वस्त. सैनिकांनी त्याचं 'वॉझर' करून टाकलं. धंद्याला परवाना होता, बायकांची डॉक्टरी तपासणी व्हायची. पण युरोपियन प्रजाजनांना इजिप्तचा कायदा लागू नसे. जुन्या तहांमुळे त्यांचे खटले त्यांच्या-त्यांच्या वकिलातींपुढे चालत. त्यामुळे एखाद्या इटालियन किंवा ग्रीक मालकाच्या दारूच्या गुत्त्यावर कैरोच्या पोलिसाला धड कारवाईसुद्धा करता यायची नाही. ही व्यवस्था मोडीत काढण्याचा करार व्हायला १९३७ साल उजाडलं.

आणि शहर तरी कोणाचं होतं? नोव्हेंबर १९१४ मध्ये लष्करी कायदा लागू झाला, डिसेंबरमध्ये ब्रिटिशांनी खेदिवाला हटवून इजिप्तला आपलं संरक्षित राज्य जाहीर केलं. म्हणजे या पोरांना 'परदेशी शहर' वाटत होतं तिथल्या लोकांना आपल्याच शहरात परकं झाल्यासारखं वाटत असणार. नगीब महफूझ यांच्या 'बैन अल-कसरैन' या १९५६ च्या कादंबरीत पहिल्या महायुद्धाच्या अखेरीचं कैरोतलं एक मध्यमवर्गीय घर आहे. त्या घरातही ऑस्ट्रेलियन सैनिकांच्या धुडगुसाबद्दलचं बोलणं येतं. आपण मोहाची गोष्ट नेहमी मोहात पडणाऱ्याच्या बाजूनं सांगतो. ज्याच्या गल्लीत हा मोह भरवला जातो त्याच्या बाजूनंही ती एकदा ऐकायला हवी, म्हणून महफूझ.

पोरांना आवरायचं काम आलं दोन माणसांवर. एक, जनरल विल्यम बर्डवूड. पुणेकरांनो, हा आपल्या खडकीचा! १८६५ मध्ये खडकीत जन्मला, वडील मुंबई इलाख्यात आयसीएस, पुढे हायकोर्टाचे न्यायाधीश. १९१४ च्या डिसेंबरात तो अँझॅक फौजेचा सेनापती म्हणून कैरोला आला आणि आल्या आल्या त्यानं ऑस्ट्रेलियन डिव्हिजनच्या प्रमुखाला पत्र लिहून सगळ्या जवानांपर्यंत ते पोचवायला सांगितलं. पत्राचा सूर साधारण घरातल्या काकाचा : बाबांनो, वागणं सांभाळा, देशाचं नाव तुमच्या हातात आहे. दुसरा चार्ल्स बीन, ऑस्ट्रेलियाचा अधिकृत युद्धवार्ताहर. त्यानं 'इजिप्तमध्ये काय माहीत हवं' अशा अर्थाची एक पुस्तिका लिहिली, तीत रोगांबद्दलचा स्पष्ट इशारा होता. शिवाय वरिष्ठांच्या सांगण्यावरून मायदेशीच्या वर्तमानपत्रांना एक लेख पाठवला, की थोड्या लोकांमुळे फौजेचं नाव खराब होतंय, त्यात बोअर युद्धाच्या फिती लावणारे जुने शिपाई जास्त आहेत आणि अशांना परत धाडलं जाईल. लेख जानेवारीत छापून आला. घरोघरच्या आयांनी तो वाचला आणि आपला मुलगा त्या 'थोड्या' लोकांत आहे का, या विचारानं हवालदिल झाल्या. त्यांची पत्रं छावणीत पोचल्यावर पोरं बीनवर अशी भडकली की विचारू नका.

मला बीनची थोडी कीव येते. लिहिलं ते खोटं नव्हतं. पण सरकारनं पुढे जे केलं ते मला पटत नाही. गुप्तरोग झाला की उपचाराच्या काळातला पगार बंद. पगाराच्या पुस्तकात नोंद. आणि मोठ्या संख्येनं लोकांची जहाजानं परत रवानगी. रोग झाला तो गुन्हा ठरला, त्यामुळे पोरं तो लपवायला लागली. लपवला की वाढला. पेनिसिलिन यायला अजून तीसेक वर्षं होती. उपचार म्हणजे पारा, 'सालव्हार्सान'ची इंजेक्शनं आणि पोटॅशियम परमँगनेटच्या पाण्याचे ते भयंकर प्रकार. आठवडेच्या आठवडे चालायचे. सगळं युद्ध आणि सगळ्या आघाड्या धरून ऑस्ट्रेलियाचे सव्वातीन लाखांवर लोक परदेशी गेले. त्यातले साठ हजारांच्या आसपास मेले, आणि गुप्तरोगाच्या रुग्णांची गणतीही साठ हजारांच्या घरातच जाते. स्मारकावर अर्थात पहिला साठ हजारांचा आकडा असतो.

इथे जरा आपल्याकडचं सांगायला हवं. साहेबाला हा प्रश्न नवा नव्हता. हिंदुस्थानातल्या छावण्यांत गोऱ्या पलटणींसाठी 'लाल बाजार' असायचे, बायकांची नोंदणी आणि तपासणी व्हायची आणि त्यासाठी १८६८ चा कायदाही होता. १८८६ मध्ये सरसेनापती रॉबर्ट्स यांच्या कचेरीतून एक परिपत्रक निघालं होतं, त्यात पलटणीच्या बाजारात बायका पुरेशा असाव्यात आणि पुरेशा देखण्या असाव्यात असा हुकूमच होता. ते १८८८ मध्ये विलायतेत फुटलं, पार्लमेंटात बोंब झाली, कायदा रद्द झाला. त्यानंतर ब्रिटिश लष्कराला असं काही उघडपणे करायची धास्ती बसली. ऑगस्ट १९१४ मध्ये फ्रान्सला जाणाऱ्या प्रत्येक टॉमीच्या हातात लॉर्ड किचनरचा उपदेश होता, दारू आणि बायका या दोन मोहांपासून दूर राहा म्हणून. म्हणजे आधी बायकाच सरकारी खर्चानं पुरवल्या आणि नंतर नुसता कागद. मधला रस्ता कोणाला सुचला नाही, किंवा सुचला तरी बोलायची हिंमत झाली नाही. सुचला तो एका बाईला. तिच्याकडे येतो.

त्याआधी गुड फ्रायडेचा दंगा. २ एप्रिल १९१५. दोनतीन दिवसांत तळ हलणार, खऱ्या लढाईवर जायचं, हे सगळ्यांना कळलेलं. सुट्टीचा दिवस. संध्याकाळी पाचच्या सुमाराला वासाच्या गल्लीत एका घरात भांडण सुरू झालं. कोणी म्हणतं रोग लागल्याचा राग, कोणी म्हणतं पैसे लुबाडले, कोणी म्हणतं आमच्या एकाला भोसकलं अशी आवई उठली. घडलं ते असं : सैनिक घरांत घुसले, गाद्या, कपाटं, एक पियानोसुद्धा म्हणतात, खिडक्यांतून खाली फेकलं आणि रस्त्यावर होळी पेटवली. दोन-अडीच हजारांचा जमाव जमला. इजिप्शियन बंब आला तर त्याचे पाण्याचे पाइप कापून टाकले. लष्करी पोलिसांनी गोळ्या झाडल्या, काही जखमी झाले, जमाव आणखी पिसाळला. रात्री उशिरा संगिनी लावलेल्या लँकेशायरच्या तुकडीनं रस्ता मोकळा केला. चौकशी बसली. ऑस्ट्रेलियनांनी न्यूझीलंडवाल्यांकडे बोट दाखवलं, न्यूझीलंडवाल्यांनी ऑस्ट्रेलियनांकडे. पुढे त्याला 'वॉझरची लढाई' असं गमतीचं नाव मिळालं आणि म्हातारपणी लोक मिशीत हसत ती सांगायचे.

मला यात गंमत वाटत नाही. ज्यांच्या गाद्या जाळल्या त्या बायकांचं दुसरं काही नव्हतंच. ज्या घराच्या दारात परवा रांग लावली तेच घर आज पेटवायचं, आणि ते कसल्या तरी शुद्धीच्या आवेशात! आपल्याला जी गोष्ट स्वतःत आवडत नाही ती दुसऱ्याच्या घराला चिकटवून जाळता येते, हे कळायला कैरोपर्यंत जायची गरज नाही. त्यातल्या कितीतरी जणांना बरोबर तेवीस दिवसांनी गॅलिपोलीच्या किनाऱ्यावर मरण आलं, हे मात्र विसरता येत नाही. त्यामुळे रागावतानाही नीट रागावता येत नाही.

आता ती बाई. एटी राउट. जन्म १८७७, टास्मानियात, वाढली न्यूझीलंडमध्ये. शॉर्टहँड-टायपिस्ट, कोर्टाची कामं करणारी, उंच, सडसडीत, आणि बोलायला अगदी फटकळ. १९१५ मध्ये तिनं बायकांची एक स्वयंसेवी संघटना काढली आणि १९१६ च्या सुरुवातीला ती इजिप्तमध्ये आली. आली होती जखमींची सेवा करायला, कँटीन चालवायला. तिथे पाहिलं की पोरं गोळीनं कमी आणि रोगानं जास्त निकामी होताहेत. तिनं हिशेब केला तो साधा होता. उपदेश ऐकून जे जाणार नाहीत ते जाणार नाहीतच, पण जे उपदेश ऐकूनही जाणार आहेत त्यांचं काय? त्यांच्या उद्याच्या बायकांचं काय? आंधळी जन्मणाऱ्या मुलांचं काय? तिच्या दृष्टीनं हा आधी डॉक्टरी प्रश्न होता. लंडनला जाऊन तिनं वैद्यकीय माहिती गोळा केली आणि एक छोटी पिशवी तयार केली : मलम, परमँगनेट आणि निरोध. लष्करी अधिकाऱ्यांच्या दारात हेलपाटे घातले. १९१७ च्या अखेरीला न्यूझीलंडच्या फौजेनं रजेवर जाणाऱ्या प्रत्येक शिपायाला अशी पिशवी द्यायला सुरुवात केली, श्रेय मात्र तिला दिलं नाही.

आणि घरी? न्यूझीलंडमध्ये तिच्या पत्रावरून गहजब झाला. बायकांच्या संघटना तिच्यावर तुटून पडल्या. सरकारनं वर्तमानपत्रांत तिचं नाव छापायलाच बंदी घातली, छापलं तर शंभर पौंड दंड! तीच पिशवी सरकार वाटतंय, आणि ती सुचवणारीचं नाव छापायचं नाही. याला काय म्हणावं? १९१८ मध्ये ती पॅरिसला होती. गार द्यू नोर स्टेशनावर रजेवर येणाऱ्या गाड्यांपाशी उभी राहायची, उतरणाऱ्या प्रत्येक न्यूझीलंडवाल्याला गालावर पापा देऊन हातात एक कार्ड ठेवायची. त्या कार्डावर एका घराचा पत्ता असे, जिथली मालकीण स्वच्छतेचे नियम पाळायचं तिला कबूल करून बसली होती.

हे वाचून माझी आई म्हणाली, "म्हणजे पत्ता देणारीच झाली की ती!" (आईनं कच्चा मसुदा वाचला, म्हणून ही प्रतिक्रिया इथे आली.) मीही बराच काळ तिथेच अडलो होतो. त्या घरातल्या मुलींचं काय, हा प्रश्न राउटच्या हिशेबात मला सापडत नाही. तिच्या डोळ्यांसमोर तिची पोरं होती आणि त्या पोरांच्या पुढच्या संसारातल्या बायका होत्या. पण पगार कापणारे मंत्री, अग्रलेख लिहिणारे संपादक आणि स्टेशनावर थंडीत उभी राहणारी ही बाई, यांत पोरांना माणूस म्हणून पाहणारं कोण होतं असं विचारलं तर माझं मत तिलाच. फ्रेंचांनी तिला पदक दिलं. १९२२ मधलं तिचं विवाहित स्त्रियांसाठीचं पुस्तक न्यूझीलंडमध्ये बंदी घालून अडवलं गेलं. १९३६ मध्ये ती रारोटोंगा बेटावर क्विनाइनचा जास्त डोस घेऊन गेली.

आपल्या शिपायांच्या वाट्याला यातलं काय आलं? त्यांना कोणी उपदेश केला नाही आणि पिशवीही दिली नाही. त्यांच्यासाठी भिंत होती. फ्रान्समध्ये जखमी झालेल्या हिंदी सैनिकांना इंग्लंडात ब्रायटनला ठेवलं होतं. राजवाड्यातल्या झुंबरांखालच्या खाटांचे फोटो तुम्ही पाहिले असतील. पण त्याच गावात 'किचनर हॉस्पिटल' होतं, तिथल्या कुंपणावर काटेरी तार होती, दारावर पहारा होता आणि बाहेर जायला पास मिळणं मुश्कील. कारण? हिंदी माणूस आणि गोरी बाई यांची गाठ पडू नये. साहेबाला भीती होती ती रोगापेक्षा इभ्रतीची. जखमी आणि त्यांची शुश्रूषा करणारे हिंदी डॉक्टर, दोघेही कैद्यासारखे. तिथल्या गोडबोले नावाच्या एका सब-असिस्टंट सर्जननं तर संतापून हॉस्पिटलचा प्रमुख कर्नल सीटन याच्यावर गोळी झाडायचा प्रयत्न केला, आणि तुरुंगात गेला. गोडबोले! कुठल्या गावचा, घरी कोण होतं, परत आल्यावर काय झालं, हे शोधायची मला फार इच्छा आहे. कोणाच्या घरात ही गोष्ट चालत आलेली असेल तर जरूर कळवा.

मोहात पडू नका असं सांगण्यातसुद्धा समोरच्याला निवड आहे हे मान्य केलेलं असतं. तारेच्या कुंपणात तेवढंही नाही. आणि गंमत म्हणजे जे हिंदी शिपाई फ्रान्समधल्या खेड्यांत मोकळे राहिले त्यांची सेन्सॉरनं जपून ठेवलेली पत्रं आता छापून आली आहेत. त्यांत फ्रेंच म्हाताऱ्यांनी आईसारखं सांभाळल्याच्या गोष्टी कितीतरी आहेत.

आमच्या घरातलंही एक लिहितो. आईचे काका, भाऊआजोबा, दुसऱ्या महायुद्धात कैरोजवळच्या एका डेपोत हिशेबनीस होते. सुट्टीत आम्ही पोरं त्यांना विचारायचो, "कैरोत काय पाहिलंत?" उत्तर ठरलेलं, "ट्राम." फार मागे लागलो की कांद्याचं आणि खजुराचं वर्णन. मी कॉलेजात असताना एकदा संध्याकाळी ओट्यावर बसलो होतो, तेव्हा स्वतःहूनच म्हणाले, "पास मिळाला की आम्ही चौघं एकत्र जायचो. एकट्यानं जायचं नाही असं आपसांत ठरलेलं. मुळात पाच जण होतो." मी विचारलं, पाचव्याचं काय झालं? म्हणाले, "तो पुढे वेगळा निजायला लागला. भांडी वेगळी ठेवायचा. आम्हीही विचारलं नाही." मग बऱ्याच वेळानं, "गावी आल्यावर लग्न झालं त्याचं." एवढं बोलून उठले आणि झाडांना पाणी घालायला गेले. आजी आत भाजी निवडत होती. तिला ऐकू गेलं असणार, कारण मी आत गेल्यावर मान वर न करता म्हणाली, "तिला दोनदा पाहिलंय मी. मूलबाळ नाही झालं."

असो. एका माणसाची गोष्ट सांगायची राहिली.

मॉरिस बकली, व्हिक्टोरिया प्रांतातला, बग्ग्यांच्या गाद्या-आसनं बसवणारा कारागीर. डिसेंबर १९१४ मध्ये भरती झाला, घोडदळात. इजिप्तला गेला, गुप्तरोग झाला, १९१५ च्या अखेरीला परत पाठवलेल्यांत तो होता. अशा लोकांना मेलबर्नजवळ लँगवारिन नावाच्या जागी ठेवत. आधी तिथे शत्रुदेशाच्या नागरिकांना डांबलेलं होतं. काटेरी तार, बंदूकधारी पहारा, सुरुवातीला धड उपचारही नाहीत. पुढे एका चांगल्या अधिकाऱ्यानं तिथे बागा केल्या, बँड सुरू केला, रोग्यांना कैदी म्हणणं थांबवलं, आणि मग पळून जाणारेही कमी झाले. सात हजारांवर लोक तिथून गेले. पण बकली होता तो सुरुवातीच्या दिवसांत. जानेवारी १९१६ मध्ये तो तिथून निघून गेला. लष्करानं 'फरारी' म्हणून त्याचं नाव खोडलं.

तो घरी बसू शकला असता. मे १९१६ मध्ये सिडनीला जाऊन त्यानं पुन्हा नाव नोंदवलं : जेराल्ड सेक्स्टन. जेराल्ड हे वारलेल्या भावाचं नाव, सेक्स्टन हे आईचं माहेरचं. या नावानं तो फ्रान्सला गेला, तेराव्या बटालियनमध्ये, लुइस मशीनगन घेऊन. १९१८ च्या उन्हाळ्यात त्याला एक पदक मिळालं. १८ सप्टेंबर १९१८ ला ल व्हर्गिएर गावापाशी त्यानं एकामागून एक सहा तरी मशीनगनच्या चौक्यांवर चाल केली, एक तोफ ताब्यात घेतली आणि शंभरच्या जवळपास कैदी पकडले. व्हिक्टोरिया क्रॉस जाहीर झाला सार्जंट जेराल्ड सेक्स्टनला. मग मात्र त्यानं आपलं खरं नाव सांगून टाकलं, आणि राजपत्रातली नोंद दुरुस्त करावी लागली.

तो परत आला आणि १९२१ च्या जानेवारीत घोड्यावरून रेल्वेच्या फाटकावरून उडी मारायला गेला, पडला आणि त्यातच वारला. तिशीही संपली नव्हती. मेलबर्नच्या ब्रायटन दफनभूमीत त्याला पुरलं. शवपेटीला खांदा द्यायला व्हिक्टोरिया क्रॉस मिळालेले दहा जण आले होते.